समुद्राकडे पाठ

लार्नाकात लग्नाच्या जागा दाखवायचं काम
मी एकोणीस वर्षं करतेय.
किल्ल्या माझ्याकडे असतात, उन्हाच्या वेळा तोंडपाठ,
आणि चार वाजता वारा कुठून उठतो,
कुठल्या नवरीची जाळी कुणाच्या तोंडावर नेऊन आपटतो,
तेही मला ठाऊक असतं.

लोक समुद्र मागतात.
स्टॉकहोमचे, मँचेस्टरचे, परवा दुबईहून आलेले,
सगळ्यांना समुद्रच हवा, तोही मावळतीचा,
आणि आमचा किनारा उगवतीकडे.
मी सांगते, सूर्य आम्ही मिठाच्या तळ्यावर मावळवतो,
फ्लेमिंगोंसकट.
एका नवरदेवाच्या आईनं लेखी मागितलं होतं:
फ्लेमिंगो, किमान चाळीस.
दिलं लिहून. जून महिन्यासाठी.
जूनमध्ये तळं कोरडं ठणठणीत असतं,
पण तोवर लग्नच मोडलं. माझी अब्रू वाचली.

गिन्वा आणि रोमानोस गुरुवारी बैरूतहून आले.
पाठीवर एकेक सॅक,
तिच्या हातातला कॉफीचा कागदी पेला अजून तिथलाच,
विमानच चाळीस मिनिटांचं.
तिचं घर द्रूझ, त्याचं मारोनी.
दोघांना एका पानावर लिहून घेईल
असं रजिस्टर त्यांच्या देशात नाही.
आमच्या नगरपालिकेत आहे, निळ्या पुठ्ठ्याचं.
असे पुष्कळ येतात. सह्या करतात, सँडविच खातात,
संध्याकाळच्या विमानानं परत.
पण हिला जागा बघायची होती.
"दहा मिनिटांची का होईना, जागा असावी."

मी सवयीनं विचारलं, वऱ्हाड किती?
"आम्हीच."

किल्ल्याची गच्ची दाखवली. नको म्हणाली.
खाडीवरचा लाकडी धक्का. नको.
हॉटेलची हिरवळ, जिथं लाटा अगदी खुर्चीखाली येतात,
तिथं तर ती गाडीतून उतरलीच नाही.
मग काच खाली करून विचारलं,
"समुद्राकडे पाठ असेल अशी जागा नाही का?"

एकोणीस वर्षांत पहिल्यांदा
मला यादी शेवटाकडून वाचावी लागली.

रोमानोस हळूच म्हणाला,
हिची आई डोंगरातल्या गावी राहते. रोज संध्याकाळी
बाल्कनीत बसते, तोंड समुद्राकडे.
आज निघताना एवढंच बोलली:
जा. पण मला दिसेल असं काही करू नकोस.

मध्ये दोनशे किलोमीटर पाणी.
मी हसले नाही.
माझ्या आईचं गाव रेषेच्या पलीकडे, उत्तरेला.
माझं लग्न सत्याहत्तर साली निर्वासितांच्या शाळेत लागलं.
फोटोत सगळे कॅमेऱ्याकडे बघतायत,
आई खिडकीकडे.
हे मी त्यांना सांगितलं नाही.
किल्ल्यांचा जुडगा उगाच खुळखुळवला आणि गाडी वळवली.

आंद्रूलाच्या मडक्यांच्या कारखान्यामागे एक अंगण आहे.
तिन्ही बाजूंना भिंती, एक लिंबाचं झाड,
गॅसची टाकी, मातीनं भरलेली न्हाणीची टाकी.
माझ्या यादीत ते नव्हतंच.
गिन्वा मधोमध उभी राहिली,
स्वतःभोवती एकदा फिरली, म्हणाली, हेच.

शुक्रवारी कारकून रजिस्टर घेऊन आला.
साक्षीदार मी आणि आंद्रूला, कोपरापर्यंत चिखलात.
तिच्या सहीशेजारी अंगठ्याची ओली माती उमटली.
कारकुनानं कपाळाला आठ्या घातल्या,
मग फुंकर मारून पान वाळवलं.

नंतर गिन्वानं विचारलं, वर जायला जिना आहे का?
होता. लोखंडी, गंजका.
ती एकटीच चढली.
वरून समुद्र दिसतो, सगळा, सरळ पूर्वेकडे.
रोमानोस खाली झाडावरची लिंबं मोजत बसला,
सतरापर्यंत गेला, चुकला, पुन्हा एकपासून.

रात्री मी बिल केलं.
जागा, चार खुर्च्या, कारकुनाची टॅक्सी.
समुद्रदर्शनाचा आकार वजा.
गच्चीवर ती दहाएक मिनिटं होती.
त्याचं काही लावलं नाही.